मोरस

माझी आजी साखरेला साखर म्हणत नसे, मोरस म्हणे. रत्नागिरी जिल्ह्यातल्या आमच्या घरी रोजच्या चहात गूळ पडे, आणि मोरस पाहुण्यांसाठी म्हणून एका पत्र्याच्या डब्यात, माजघरातल्या उंच फळीवर ठेवलेली असे. "मोरस हाय का बग डब्यात," असे ती ओटीवरून आईला ओरडून विचारी, आणि त्या ओरडण्यावरूनच आलेला पाहुणा कोणत्या योग्यतेचा आहे हे आम्हां मुलांना कळे. हा शब्द कुठून आला, याचा विचार त्या वयात मी केला नाही. पुढे शब्दांवरच पोट भरण्याची वेळ आली, मी मराठीचा शिक्षक झालो, तेव्हा केव्हातरी समजले, की मोरस म्हणजे मॉरिशस. हिंदी महासागरातल्या त्या बेटावरून एकोणिसाव्या शतकात पांढरी दाणेदार साखर मुंबई बंदरात उतरत असे, आणि तिच्याबरोबर बेटाचे नावही उतरले. मागाहून जावाची साखर आली, १९३२ साली देशी साखरधंद्याला जकातीचे संरक्षण मिळाले, आपले कारखाने उभे राहिले, आणि मोरस बाजारातून गेली. आजीच्या तोंडात मात्र ती अखेरपर्यंत राहिली. तिच्यानंतर हा शब्द आमच्या घरात कुणी वापरला नाही. मीही नाही.

वयाची पासष्टी उलटल्यावर नातेवाइकांच्या एका मेळ्याबरोबर त्या बेटावर जाण्याचा योग आला. एके दिवशी सगळी मंडळी बोटीने समुद्रात जायची होती. कोकणात जन्मूनही मला समुद्राचे भय आहे. तो किनाऱ्यावरूनच पाहावा असे माझे मत. तेव्हा माझ्या एकट्यासाठी एक मोटार ठरवण्यात आली. गाडी चालवणारा आणि बेट दाखवणारा माणूस एकच असणार होता. सकाळी आठ ते संध्याकाळी पाच, इतका वेळ तो माझा. आदल्या रात्री हाती पडलेल्या छापील कागदावर ठिकाणांची नावे आणि त्यांच्यापुढे मिनिटे दिलेली होती. ज्वालामुखीचे विवर, वीस मिनिटे. पवित्र तलाव, चाळीस मिनिटे. सात रंगांची माती, एक तास. त्या यादीत सुरुवातीला पोर्ट लुईमधला आप्रवासी घाट मी मुद्दाम घालून घेतला होता. सुमारे १,८६५ चौरस किलोमीटरचे हे बेट. आपल्याकडच्या दोन-तीन तालुक्यांएवढे. एका दिवसात ते पाहून होते, असे कागद सांगत होता. एखादे ठिकाण पाहणे आणि ते आपल्याला दाखवले जाणे यांत काही अंतर असते, याचा विचार मी तेव्हा केला नव्हता.

सकाळी बरोबर आठ वाजता गाडी उभी. गृहस्थ पन्नाशीच्या पुढचे, अंगावर इस्त्रीचा पांढरा सदरा, गाडीत समोर काचेपाशी बोटभर उंचीचा गणपती. माझे आडनाव त्यांच्याजवळच्या कागदावर होते. ते वाचून त्यांनी हात जोडले आणि हिंदीत म्हणाले, "मीसुद्धा मराठी." मॉरिशसमध्ये हा शब्द भाषेपेक्षा समाजाचा वाचक आहे. तिथे माणूस तमिळ असतो, तेलुगू असतो, मराठी असतो. घरात तो बहुधा क्रिओल बोलतो. गणेशचतुर्थीला त्या देशात सार्वजनिक सुटी असते आणि प्राथमिक शाळांतून मराठी हा ऐच्छिक विषय शिकवला जातो, हे मी वाचले होते. तरीही सह्याद्रीपासून इतक्या दूर "मीसुद्धा मराठी" हे शब्द कानी पडल्यावर मला भरून आले. तेवढ्यात त्यांनी मागे वळून बाटली पुढे केली आणि एकच मराठी शब्द उच्चारला.

"पानी?"

"पाणी," मी म्हणालो. "मराठीत ण. पानी तुमच्या भोजपुरीत."

पस्तीस वर्षांची सवय; विचार करण्याच्या आधीच जीभ हलली. शिवाय मला वाटले, की मी काही देतो आहे. इथल्या खेड्यापाड्यांतून पिढ्यान्‌पिढ्या भोजपुरीचा वापर होता. तिच्या गर्दीत हरवलेला आपला एक 'ण' या माणसाला परत मिळवून द्यावा, अशी काहीशी उदार भावना माझ्या मनात होती. ते हसले. "येस सर. पाणी." त्यांचा ण अगदी स्वच्छ आला. मला समाधान वाटले. पोर्ट लुई येईपर्यंत ते इंग्रजीत बोलत राहिले, हे माझ्या बऱ्याच उशिरा ध्यानात आले.

पोर्ट लुईच्या बंदराशी, रहदारीच्या गोंगाटाला लागून आप्रवासी घाट आहे. पूर्वी त्याला कुली घाट म्हणत. गुलामगिरी संपवण्याचा कायदा झाला तेव्हा उसाच्या मळ्यांना नवे हात हवे होते. ब्रिटिश सरकारने हिंदुस्थानातून कराराने मजूर आणण्याचा प्रयोग या बेटावर केला. २ नोव्हेंबर १८३४ रोजी 'अॅटलास' नावाच्या जहाजातून छत्तीस माणसे उतरली; १९१०पर्यंत हा आकडा साडेचार लाखांच्या वर गेला. यांतली बहुतेक माणसे कलकत्ता आणि मद्रास बंदरांतून आली. मुंबईहून आलेली त्या मानाने थोडी. त्यांतच रत्नागिरीकडची होती. करार पाच वर्षांचा, पगार सुरुवातीच्या काळात महिन्याला पाच रुपये. एक दिवस कामावर गेले नाही, तर दोन दिवसांची मजुरी कापली जाई. १८४९पासून वापरात असलेल्या या डेपोतल्या वास्तूंपैकी आता थोड्याच शिल्लक आहेत. फाटकाची इमारत, इस्पितळाचा भाग, काही पाये, आणि काळ्या दगडाच्या पायऱ्या. २००६ साली युनेस्कोने ही जागा जागतिक वारसा म्हणून नोंदली.

त्या पायऱ्या चढून माणसे बेटावर आली. माझ्या घराण्यातले कुणी इकडे आल्याची नोंद नाही. तरीही मी पायऱ्यांपाशी डोळे मिटून उभा राहिलो, आणि खरे सांगायचे तर उभा राहिलेला मी मला बाहेरून दिसत होतो. गाईड चार पावलांवर उभे होते. इथे उभे राहून गलबललेली माणसे त्यांनी किती पाहिली असतील! मी वळलो तेव्हा त्यांनी नम्रपणे विचारले, "फोटो काढू, सर?" त्यांच्या आवाजात उपरोध नव्हता. मी फोटो काढून घेतला. परतताना मी विचारले, "तुमचे पूर्वज याच पायऱ्यांवरून आले असतील ना?" ते म्हणाले, "हो. सगळ्यांचेच." आणि घड्याळाकडे पाहिले. कागदावर या जागेपुढे पंचेचाळीस मिनिटे लिहिलेली होती.

पोर्ट लुई सोडले की रस्ता चढू लागतो. बेटाच्या मधल्या पठारावर क्युरपिप नावाचे शहर आहे, थंड आणि पावसाळी, आणि त्याच्या डोक्यावर एक मृत वाटावा असा ज्वालामुखी. सुमारे तीनशे मीटर रुंदीचे गोल विवर, आत गर्द झाडी, तळाशी थोडे पाणी. कठड्याशी उभे राहून मी ते पाहत होतो. इथे पहिल्यांदाच गाईड आपण होऊन बोलू लागले.

"सर, तुम्ही सह्याद्रीकडचे. तुमचा दगड काळा, आमचाही काळा. का, ते ठाऊक आहे?"

मला ठाऊक नव्हते. त्यांनी सांगितले ते असे. इथून नैर्ऋत्येला रियुनियन नावाचे बेट आहे. त्याच्या तळाशी, पृथ्वीच्या पोटात एक तप्त जागा कोट्यवधी वर्षे धगधगते आहे. तिच्यावरून भूपृष्ठाचा पापुद्रा सरकत जातो. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी हिंदुस्थानचा भूखंड तिच्यावरून जात होता. त्या वेळी जो लाव्हा उसळला त्याचे थरावर थर साचून दख्खनचे पठार आणि सह्याद्री घडला. भूखंड उत्तरेला निघून गेला. भट्टी मागे राहिली. तिनेच पुढे, सुमारे ऐंशी लाख वर्षांपूर्वी, समुद्रातून हे मॉरिशस वर काढले, आणि आज ती रियुनियनमध्ये पेटलेली आहे. शास्त्रज्ञ असे मानतात. "म्हणजे," ते म्हणाले, "आमची माणसे एका चुलीवरून उठली आणि त्याच चुलीवर येऊन बसली."

आमच्या कोकणात वर जांभा असतो आणि खणत गेले की काळा फत्तर लागतो. त्या फत्तराच्या घरातच मी जन्मलो, वाढलो, आणि तो कुठून आला हे मला या बेटावर एका मोटार चालवणाऱ्या माणसाने सांगितले. सकाळपासून शिकवणारा मी होतो, अशी माझी समजूत होती. "हे तुम्ही कुठे शिकलात?" मी विचारले. ते म्हणाले, "वाचतो, सर. माणसे प्रश्न विचारतात. चूक सांगितले तर नाव जाते." त्यांनी 'चूक' हा शब्द मराठीत उच्चारला.

पुढचा मुक्काम गंगा तलाव. डोंगरातले हे विवरातले सरोवर एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून इथल्या हिंदूंचे तीर्थ झाले. १९७२ साली गोमुखाकडचे गंगाजल आणून यात मिसळण्यात आले, तेव्हापासून ते गंगा तलाव. महाशिवरात्रीला बेटाच्या कानाकोपऱ्यातून माणसे कावडी घेऊन पायी येतात. रस्त्याच्या कडेला तेहतीस मीटर उंचीची शंकराची मूर्ती २००७पासून उभी आहे. मी काठावर उभा राहून मनाशी हिशेब करत होतो, की ही गंगा खरी कितपत. असे हिशेब करणे हा माझा धंदाच होता. मूळ कोणते, अपभ्रंश कोणता; तत्सम कोणते, तद्भव कोणते. पाण्याशी एक म्हातारी बाई गुडघ्यांवर बसून पणती लावत होती. वाऱ्याने ती तीनदा विझली. चौथ्यांदा तिने पदराचा आडोसा केला. तिला माझ्यासारखा हिशेब पडलेला दिसत नव्हता.

दुपारी शामारेल गाठले. शंभर मीटरच्या आसपास उंचीवरून पडणारा धबधबा, आणि त्याच्यापुढे सात रंगांची माती. लाकडी कठड्याच्या आत मातीचे छोटे उंचवटे. तांबडे, तपकिरी, जांभळट, पिवळे. बसाल्ट झिजून त्याची माती होताना लोह आणि अॅल्युमिनियम यांची संयुगे मागे राहिली आणि त्यांनी हे रंग दिले. पाऊस कितीही पडला तरी हे रंग एकमेकांत मिसळून जात नाहीत. बाजूच्या दुकानात तीच माती काचेच्या नळ्यांत थरांनी भरून विकायला ठेवली होती. डोडो पक्षी कापडाचे, लाकडाचे, चॉकलेटचे. सतराव्या शतकात या बेटावरून नाहीसा झालेला तो पक्षी आता दुकानादुकानांत मुबलक आहे.

जेवायला बसलो तेव्हा मी आग्रहाने त्यांना माझ्या टेबलाशी बोलावले. आधी ते संकोचले; त्यांचा डबा गाडीत होता. मग डबा घेऊन आले. डब्यात भात, डाळ, आणि लाल मिरचीची चटणी. मी त्यांना शाळेतल्या मराठीबद्दल विचारले.

"सहावीपर्यंत घेतली होती," ते म्हणाले. आता ते हिंदी, इंग्रजी आणि मराठी यांची सरमिसळ करून बोलत होते. मी ते सगळे मराठीत सांगतो. "शाळेत 'पाणी' लिहायचो. ण काढायला गुरुजींनी शिकवला होता, पूर्ण मार्क मिळायचे. पण घरी आजी 'पानी' म्हणायची. ती शाळेत गेली नव्हती. तिचे मराठी तिच्या आजीकडून आलेले. ती 'हाय' म्हणायची, 'नाय' म्हणायची. ती गेल्यावर घरात मराठी बोलणारे कुणी राहिले नाही. म्हणून मराठी पाहुणे आले की मी तिचेच शब्द वापरतो. गुरुजींचे विसरलो."

हे त्यांनी तक्रारीच्या सुरात सांगितले नाही. भात कालवता कालवता सांगितले. पण माझ्या हातातला घास तसाच राहिला.

माझी आजी पानी म्हणत असे. पानी, लोनी, आनि, कोन. आमच्या वाडीत सगळेच तसे म्हणत. मीही म्हणत होतो. तालुक्याच्या शाळेत गेलो तेव्हा पहिल्याच महिन्यात मास्तरांनी मला बाकावर उभे करून 'पाणी' हा शब्द पन्नास वेळा म्हणायला लावला. वर्ग हसत होता. दर वेळी 'न' आला की हातावर छडी. संध्याकाळी घरी आलो तेव्हा आजीने लाल झालेले तळहात पाहिले आणि विचारले, "पानी देऊ?" मी ओरडलो, "पानी नाही, पाणी!" ती काही बोलली नाही. तिने तांब्या पुढे ठेवला. त्यानंतर मी चुकलो नाही. इतका चुकलो नाही, की त्याच भाषेचा शिक्षक झालो, आणि पस्तीस वर्षे दुसऱ्यांच्या मुलांचा न पुसून ण करत राहिलो. छडी वापरली नाही, एवढेच. तिचा तो उच्चार माझ्या कानांतून इतका पुसला गेला होता, की सकाळी तो हजारो मैलांवर समोर आला तेव्हा मी त्याला भोजपुरी ठरवले.

हे मी त्यांना सांगायला हवे होते. जेवताना सांगितले नाही. लाज वाटली, हे एक कारण. दुसरे असे, की माफी मागितली तर त्यांना "छे छे, सर" म्हणावे लागले असते, आणि दिवसभरासाठी ठरवलेल्या माणसाकडून एवढे म्हणवून घेणे सोपे असते.

शामारेलहून उतरलो की नैर्ऋत्येच्या टोकाला ल मोर्नचा डोंगर समुद्रात पाय सोडून बसलेला दिसतो. ५५६ मीटर उंचीचा, बाजू तासल्यासारख्या. मळ्यांतून पळालेले गुलाम याच्या माथ्यावर आणि गुहांत लपून राहत. इथली लोककथा अशी : १८३५ साली गुलामगिरी संपल्याचे सांगण्यासाठी शिपाई डोंगराकडे निघाले. वरच्यांनी त्यांना पाहिले आणि ते आपल्याला धरायला येत आहेत असे समजून कड्यावरून उड्या टाकल्या. २००८ साली या डोंगराचीही जागतिक वारशात नोंद झाली. गाईडनी ही कथा रोजची, घोटलेली म्हणून सांगितली आणि शेवटी त्यांच्या नेहमीच्या वाक्यांत नसावे असे एक वाक्य जोडले : "चांगली बातमी होती. ऐकणाऱ्यांना तिचा आवाज वेगळा ऐकू आला."

यादी संपली होती. परतीचा रस्ता पश्चिम किनाऱ्याने, उसाच्या मधून जात होता. तुरे आलेला ऊस, उतरते ऊन, आणि शेतांच्या मध्येच काळ्या दगडांचे प्रचंड ढीग. सकाळपासून मी ते पाहत होतो, पण ते पाहण्याच्या जागांत मोडत नसल्याने विचारले नव्हते. काही ढीग दोन पुरुष उंच, चारी बाजूंनी उतरते, वर सपाट. "ही कसली बांधकामे?" मी विचारले.

"बांधकामे नाहीत, सर. जमीन साफ केली तेव्हा निघालेले दगड."

त्यांनी गाडी कडेला घेतली. कागदावर या थांब्यापुढे मिनिटे नव्हती. आम्ही उतरलो. जवळून पाहिले तेव्हा कळले, की दगड फेकलेले नव्हते, रचलेले होते. खाली मोठे, वर लहान, फटींत चिपा. चुना नाही, माती नाही. आमच्याकडे परसाला गडगा घालतात तो असाच, कोरड्या दगडांचा. कुठला दगड कुठे बसेल हे ज्याला कळते तोच गडगा घालतो. ज्वालामुखीच्या या बेटावर जमीन कसायची तर आधी तिच्यातले दगड उचलायला हवेत. पिढ्यान्‌पिढ्या माणसांनी ते हातांनी उचलले. आधी गुलामांनी, मग मजुरांनी. दगड काढून टाकायचे काम. टाकलेले तरी कुणी इतके नीट रचते?

"आमचे आजोबा हेच काम करायचे," गाईड म्हणाले. "याच ढिगावर नव्हे. पण असल्याच." मग गाडीपाशी जाऊन त्यांनी समोरच्या खणातून प्लॅस्टिकच्या पाकिटात जपलेला एक कागद आणला. मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत मजुरांच्या नोंदवह्या आहेत. तिथून त्यांनी आपल्या खापरपणजोबांची नोंद मिळवली होती, १८६०नंतरच्या दशकातली. क्रमांक, नाव, बापाचे नाव, वय, जात, उंची, अंगावरची खूण : डाव्या भुवईवर व्रण. त्या माणसाचे नुसते नावच पुढे यांचे आडनाव झाले होते. जिल्हा, रत्नागिरी, हे स्पष्ट वाचता येत होते. गावाच्या रकान्यात कारकुनाने इंग्रजी अक्षरांत काहीतरी लिहिले होते.

"सर, तुम्ही तिकडचे. मास्तर आहात. हे कोणते गाव?"

मी चष्मा पुसला. कागद उन्हाकडे धरला. अक्षरे पुसट होती, पण वाचता येत होती. अडचण ती नव्हती. ते निवे असू शकत होते. नेवरे असू शकत होते. निवळी म्हणावे, तर शेवटचे अक्षर जुळत नव्हते. मला ठाऊक होती ती गावांची नावे नकाशावरची, शाळेच्या दाखल्यावरची, शुद्ध. पण कारकुनाच्या टेबलापुढे उभा असलेला तो माणूस नकाशावरचे नाव सांगत नव्हता. त्याने गावाचे नाव त्याच्या आईच्या तोंडी होते तसे सांगितले असणार, आणि मराठी न जाणणाऱ्या कारकुनाने कानांवर पडले तसे उतरवले असणार. ते तोंड, तो उच्चार ज्याला ऐकू येईल, त्यालाच हे गाव सापडेल. आजीला नुसते वाचून दाखवले असते तर तिने क्षणात सांगितले असते, "अरे, ह्ये तर अमक्याचं गाव." आमच्या वाडीतल्या कोणत्याही म्हातारीने सांगितले असते. त्या उच्चाराची किल्ली माझ्या हाती होती, आणि ती मी वयाच्या दहाव्या वर्षी, हात पुढे करून, मास्तरांच्या स्वाधीन केली होती.

"मला वाचता येत नाही," मी म्हणालो.

त्यांना वाटले, अक्षर लागत नाही. "जुने आहे," ते समजुतीच्या स्वरात म्हणाले.

"अक्षर लागते. उच्चार लागत नाही." आणि मग, ढिगाला टेकून उभ्या-उभ्या, मी त्यांना सगळे सांगितले. बाक, छडी, तांब्या, सकाळची बाटली. त्यांनी मध्ये एकदाही "छे छे, सर" म्हटले नाही. ऐकून घेतले. थोड्या वेळाने विचारले, "तुमची आजीसुद्धा पानी म्हणायची?"

"हो."

"कोणत्या गावची?"

मी गावाचे नाव सांगितले. त्यांनी कागदावरची अक्षरे पुन्हा एकदा पाहिली, ते नाव ओठांत घोळवून पाहिले, आणि मान हलवली. नाही, ते नव्हते. कागद घडी मोडू न देता पाकिटात गेला. निवे, नेवरे, निवळी या तिन्ही गावांची नावे मी त्यांना लिहून दिली, आणि परत गेल्यावर त्या गावांतल्या वयस्क माणसांना विचारीन असे सांगितले. पुढच्या महिन्यात खरोखरच मी दोन गावांत जाऊन आलो. अजून पत्ता लागलेला नाही. तिसरे गाव राहिले आहे, आणि या तिघांखेरीज आणखी किती असतील.

गाडी हॉटेलपाशी आली तेव्हा साडेपाच झाले होते. ठरलेल्यापेक्षा अर्धा तास जास्त. उतरताना मला वाटले, दिवसभर या माणसाने बेट दाखवले, आपण काहीच दिले नाही. पैसे दिले होते. वर थोडे देऊ केले, ते त्यांनी संकोच न करता घेतले. मग मी म्हणालो, "एक शब्द सांगतो. आमच्याकडे पूर्वी साखरेला मोरस म्हणत. तुमच्या बेटाचे नाव. इथून साखर यायची म्हणून."

ते थबकले. आयुष्यभर ज्या उसामधून गाडी चालवली, ज्याच्यासाठी ते दगड उचलले गेले, त्या उसाची साखर त्यांच्या खापरपणजोबांच्या मुलखात बेटाचे नाव घेऊन उतरत होती, हे त्यांना कुणी सांगितलेले नव्हते. कदाचित तो माणूस निघाला तेव्हा त्याच्या गावातल्या एखाद्या फळीवर एखादा डबा असेलही. "मोरस," ते म्हणाले. पुन्हा म्हणाले. सदऱ्याच्या खिशातून छोटी वही काढली. पाहुण्यांना सांगायच्या गोष्टी ते तिच्यात टिपून ठेवत असावेत. लेखणी टेकवण्याआधी त्यांनी वर पाहिले.

"हे शुद्ध मराठी आहे, सर?"

"माझी आजी म्हणायची," मी सांगितले.

तेवढे त्यांना पुरले. त्यांनी मान डोलावली आणि शब्द लिहून घेतला. तो त्यांनी कोणत्या अक्षरांत लिहिला, हे मी वाकून पाहिले नाही.